एका सोड्याची मुदत

कोर्टाच्या कागदावर माझ्याविषयी लिहिलं गेलेलं पहिलं वाक्य ‘वादीचे वकील दमले’ हे आहे. पुढं मी पुष्कळ वर्षं वकिली केली. त्या काळात माझ्याविषयी बरंवाईट बरंच लिहिलं गेलं असेल, पण इतकं खरं काही लिहिलं गेलं नाही. हे वाक्य रोजनाम्यात, म्हणजे कोर्टात रोज काय घडलं याच्या नोंदीत, आमच्या जज्जसाहेबांनी स्वतःच्या हातानं घातलं. आणि मला दमवलंही त्यांनीच.

लढाईचे दिवस होते. मी वकिलीची परीक्षा पास होऊन नुकताच गावी परतलो होतो. आमचं गाव नगर जिल्ह्याच्या पूर्वेकडं, शेवगावापासून काही कोसांवर, तालुक्याचं. वडील शाळामास्तर. माझ्याजवळ सनद होती, मामांनी दिलेला एक काळा कोट होता आणि पक्षकार एकही नव्हता. अशा वेळी नगरच्या एका खाजगी बँकेनं मला बोलावून आमच्या तालुक्यातले आपले सगळे दावे माझ्या हवाली केले. मी चार दिवस जमिनीवरून चाललो नाही. मग कळलं, की माझ्या आधी दोन जाणत्या वकिलांनी हे दावे हात जोडून परत केले होते. कारण जज्जसाहेब.

दावे तसे सोपे होते. कुणी घर, कुणी दुकान, कुणी यंत्र बँकेकडं गहाण ठेवून कर्ज काढलेलं, हप्ते थकलेले. कागद पक्के, सह्या पक्क्या. दुसऱ्या कुठल्याही कोर्टात असा दावा म्हणजे वकिलाला बसल्या जागी फी. आमच्या कोर्टात मात्र हुकूम होई तो मुदतीचा. सहा महिने मुदत. ती संपली की आणखी तीन महिने. ती संपली की साहेब चष्मा पुसत विचारीत, ‘‘पैसे नाहीत, हे समजलं. काम आहे का?’’

हा त्यांचा ठरलेला प्रश्न. हप्ते थकलेला माणूस रडायला लागला, मुलंबाळं मोजून दाखवायला लागला, की ते हात वर करून त्याला थांबवीत. ‘‘ते राहू द्या. धंद्यावर जाता का? गिऱ्हाईक येतं का?’’ येतं म्हटलं, की म्हणत, ‘‘चला, बघू.’’

आणि खरोखरच उठत.

साहेब दिसायला काटकुळे, पाठीत किंचित वाकलेले. डोक्यावर जुन्या वळणाची लाल पगडी आणि पायांत पांढरे कॅनव्हासचे बूट. वर पगडी, खाली बूट, असं ते रूप पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला हसू आवरेना. पण त्या बुटांचं कारण पुढं समजलं. गहाण पडलेली प्रत्येक वस्तू ते स्वतः जाऊन बघत, आणि चालत जाऊन बघत. कुणाच्या टांग्यात बसलं तर त्याचे उपकार होतील, पक्षकाराच्या घरच्या चटईवर बसलं तरी होतील, म्हणून बेलीफ म्हादबा एक घडीचं स्टूल खांद्यावर टाकून मागून चाले. त्याच्या मागं मी. उन्हातान्हात ही वरात निघाली, की गावातले लोक दुकानाच्या पायरीवर येऊन उभे राहत.

‘‘साहेब, कायद्यात असं कुठं सांगितलंय?’’ असं मी एकदा, अंगात नवीन सनदेची मस्ती होती म्हणून, भर कोर्टात विचारलं.

साहेबांनी शांतपणे कायद्याचं पुस्तक उघडलं आणि बोट ठेवलं. ‘‘सबळ कारण दाखवल्यास मुदत वाढवता येईल, असं आहे. दाखवल्यास. आता हे कारण तुम्ही मला इथं बसून दाखवणार, की मी तिथं येऊन बघू?’’

म्हादबा तोवर स्टूल उचलून दारात उभा राहिलेला होता.

बँकेच्या लोकांना वाटे, साहेब मऊ आहेत, कुणीही यावं आणि मुदत न्यावी. तसं नव्हतं. बाजारपेठेतला एक व्यापारी गोदाम गहाण टाकून बसला होता. कोर्टात आला तो फाटका सदरा घालून. धंदा दोन वर्षं बंद आहे, गोदामात उंदीरसुद्धा राहिला नाही, म्हणाला. साहेब गेले. दाराशी स्टूल मांडून बसले. गोदामाला हे मोठं कुलूप. साहेबांनी कुलपावरून बोट फिरवलं आणि ते माझ्यापुढं धरलं. बोट तेलकट झालं होतं.

‘‘दोन वर्षं बंद असलेल्या गोदामाच्या कुलपाला तेल कोण घालतं हो?’’ त्यांनी विचारलं. व्यापाऱ्यानं कमरेची किल्ली काढून दिली. आत शेंगांची पोती छपरापर्यंत लागलेली निघाली. त्या माणसाला एक दिवसाची मुदत मिळाली नाही. तो दावा मी जिंकला, पण खरं म्हणजे तो कुलपाच्या तेलानं जिंकला होता.

साहेबांची दुसरी ख्याती पोटाची. त्यांना वाताचा विकार होता. माझं भाषण रंगात आलं, की ते एका हातानं पोट चोळू लागत. पहिले काही दिवस मला वाटलं, माझ्या बोलण्यानंच होतंय. टेबलावर शाईच्या दौतीशेजारी ओवा आणि सैंधवाची एक चपटी डबी असे. गावच्या डॉक्टरांनी त्यांना रोज जेवणावर एक साधा सोडा घ्यायला सांगितला होता. आणि इथंच सगळी अडचण होती. कारण गावात सोड्याचा कारखाना एकच होता, कोर्टाच्या समोरच्या बाजूला, रस्ता ओलांडला की. तो रहिमतबीचा होता. आणि रहिमतबीवर बँकेचा दावा होता.

कारखाना म्हणजे एक पत्र्याचं दुकान. आत हातानं फिरवायचं लोखंडी चाक असलेलं यंत्र, गॅसची लोखंडी नळी, म्हणजे सिलिंडर, आणि गोटीच्या बाटल्यांच्या पेट्या. रहिमतबीच्या नवऱ्यानं दुकान आणि यंत्र बँकेकडं गहाण टाकून हा धंदा उभा केला. दोन उन्हाळे जोरात गेले, मग तो तापानं वारला. लोकांना वाटलं, आता दुकान मोडणार. रहिमतबीनं पदर खोचला आणि चाक फिरवायला लागली. तिच्या हातचा लेमन प्यायला सोनईपासूनचे बैलगाडीवाले थांबत. पण लढाई लागली, गॅसच्या नळ्या लष्कराकडं जायला लागल्या आणि सहा-सहा महिने नळीच येईना. गॅस नाही तर सोडा कसला? हप्ते थकले. बँकेनं दावा लावला. वादीचा वकील मी.

‘‘दुकान गेलं तर यंतर जाईल,’’ पहिल्याच तारखेला रहिमतबी कोर्टात म्हणाली होती, ‘‘आन यंतर गेलं तर मी काय करू साब? मला दुसरं कायबी येत न्हाई. लोकांची धुनीभांडी मी करनार न्हाई, आदीच सांगते.’’ तिनं वकील दिला नव्हता. ‘‘वकिलाला द्यायला पैसं आसतं तर बँकेलाच दिलं नसतं का?’’ असा तिचा सवाल होता.

साहेबांचा नियम असा, की ज्याचा दावा आपल्यापुढं चालू आहे, त्याच्या घरचं पाणीसुद्धा घ्यायचं नाही. पैसे देऊनही नाही. ‘‘तिनं गार बाटली दिली तर मी सुखावणार, कोमट दिली तर चिडणार. दोन्ही वाईट,’’ म्हणत. त्यामुळं गावात सोडा असून साहेबांना ओव्यावर दिवस काढावे लागत. कधीमधी एखादी नळी येई, तेव्हा दुकानात बाटल्या फुटू लागत. फट्ट! तो गोटी आत पडल्याचा आवाज थेट कोर्टात ऐकू येई. साहेबांची लेखणी थांबे. ते एकदा खिडकीकडं बघत, एक चिमूट ओवा तोंडात टाकत आणि पुन्हा लिहायला लागत. त्यांनी एका झटक्यात दावा निकालात काढला असता, दुकान बँकेला देऊन टाकलं असतं, तर नव्या मालकाकडून सोडा घ्यायला ते मोकळे झाले असते. प्रत्येक वेळी तिला मुदत देताना ते आपलाही सोडा पुढं ढकलत होते. हे माझ्या लक्षात आलं, तेव्हा मला त्या माणसाविषयी पहिल्यांदा माया वाटली.

तर ते दमण्याचं प्रकरण. बँकेचे एजंट, म्हणजे आताच्या भाषेत मॅनेजर, नगरहून आले होते. त्यांच्या सांगण्यावरून मी अर्ज दिला, की यंत्र पडून पडून गंजतंय, त्याची किंमत बुडतीय, तेव्हा मुदत न देता ते ताबडतोब विकावं. साहेबांनी अर्ज वाचला. म्हादबानं स्टूल उचललं.

दुकानात गेल्यावर साहेब यंत्रासमोर बसले. ‘‘गंजलंय म्हणता?’’ मला म्हणाले. ‘‘गंजलेलं चाक फिरणार नाही. फिरवून दाखवा.’’

‘‘मी?’’

‘‘अर्जावर सही तुमची आहे.’’

मी कोट घातलेला. बाहेर बाजारचा दिवस, दारात शंभर माणसं. चाकाला हात घातला, तर ते लोण्यासारखं फिरलं. रहिमतबी रोज त्याला तेलपाणी करत होती. मला वाटलं, झालं. पण साहेब ‘‘थांबा’’ म्हणेनात. खिशातलं घड्याळ काढून बघत बसले. मी फिरवतोय, फिरवतोय. घाम नाकावरून टपकायला लागला.

‘‘आवो, वकीलसाब मरंल की!’’ रहिमतबीच मधे पडली. ‘‘ऱ्हाऊ द्या साब. हवं तर मीच फिरवते.’’

साहेबांनी तिथंच मांडीवर रोजनामा घेऊन लिहिलं: ‘यंत्र पाहिले. सुस्थितीत आहे. वादीचे वकील दमले. मुदत सहा महिने.’ मग एजंटांकडं वळून विचारलं, ‘‘तुमच्या बँकेला पैसे हवेत, की सोडा विकायचाय?’’

त्या दिवसापासून गावातली माणसं मला ‘सोडावकील’ म्हणू लागली. मी चिडत असे, म्हणून ते नाव टिकलं.

लढाई संपली. नळ्या हळूहळू सुटू लागल्या. रहिमतबी उन्हाळाभर जत्रा करत फिरली, गाडीत यंत्र घालून. बरीचशी रक्कम तिनं भरली. पण एजंट आता शहाणे झाले होते. त्यांनी साहेबांच्या हातून प्रकरण काढून घेण्याची युक्ती केली. रहिमतबीला भेटून तडजोड लिहून घेतली. राहिलेली सगळी रक्कम ऑगस्टातल्या अमुक गुरुवारी संध्याकाळी पाचच्या आत कोर्टात भरायची. भरली तर व्याज माफ. नाही भरली तर दुकान आणि यंत्र त्या क्षणी बँकेचं, आणि यापुढं मुदत मागायची नाही. रहिमतबीनं अंगठा दिला. साहेबांनी तो कागद तीनदा वाचला.

‘‘बाई, हे कळलंय ना? ही गाठ तुम्ही दोघांनी मिळून बांधलीत. मला एकट्याला ती सोडता येणार नाही.’’

‘‘कळलंय साब. पैसं व्हतील.’’

झाले. मंगळवारी रात्री शेवटचे पैसे जमले. बुधवारी सकाळी ती गाठोडं घेऊन कोर्टात आली, तर दाराला कुलूप. पहारेकरी म्हणाला, ‘‘ईदीची सुट्टी हाय.’’ सरकारी यादीत रमजान ईद बुधवारी छापलेली होती. पण मंगळवारी आभाळ भरून आलेलं, चंद्र कुणालाच दिसला नाही. म्हणजे ईद गुरुवारी. यादीला चंद्राचं काय? कोर्ट बुधवारी बंद आणि गुरुवारी, खऱ्या ईदीला, उघडं.

रहिमतबीनं मात्र सरळ हिशोब केला. ईद यायच्या आधीच ईदीची सुट्टी दिली, तर प्रत्यक्ष ईदीला कचेरी उघडी कशी असेल? ती घरी गेली आणि शेवया भाजायला लागली.

गुरुवारी दुपारी मला तिच्याकडचं बोलावणं आलं. दावा तिच्याविरुद्ध मी चालवत असलो, तरी दर ईदीला ती मला जेवायला बोलवी. मी सकाळी कोर्टात जाऊन आलो होतो. काम काही नव्हतं. तिच्याकडं बसलो. खजूर, खोबरं, बदाम घातलेला घट्ट शिरखुर्मा. दुसरी वाटी तोंडाला लावली, तेवढ्यात ती म्हणाली, ‘‘पैसं समदं तयार हायेत बरं का वकीलसाब. आज ईदीची कचेरी बंद. उद्या सक्काळी पयलं काम त्येच.’’

मी ऐकलं. आज गुरुवार, हे मला त्याच क्षणी आठवलं. कोर्ट उघडं आहे, हेही माहीत होतं, मी तिथूनच आलो होतो. घड्याळात तीन वाजले होते. तिचं घर दुकानापासून लांब, तरी कोर्टापर्यंत चालत दहा मिनिटं लागतात. पण मी बँकेचा वकील होतो. आणि मी मान डोलावली. तोंडात शिरखुर्मा होता म्हणून बोलता आलं नाही, असं मी त्यानंतर कितीतरी दिवस स्वतःला सांगत असे. गडबडीनं वाटी खाली ठेवताना थोडा कोटावर सांडला. ‘‘आणखी घ्या की,’’ असं ती म्हणत होती, पण मी उठलो. त्या रात्री मला नीट झोप लागली नाही. एवढ्यावरून मी फार चांगला माणूस आहे असं नाही, कारण सकाळी उठून मी कोर्टात जाऊन दुकान-यंत्राचा ताबा मागणारा बँकेचा अर्ज दाखल केलाच.

शुक्रवारी अकरा वाजता रहिमतबी गाठोडं घेऊन आली, ती हसतच. एजंट पहिल्या गाडीनं नगरहून येऊन बसले होते. साहेबांनी तिला समोर बोलावलं.

‘‘बाई, काल कोर्ट उघडं होतं.’’

तिचा चेहरा मी आजवर विसरलो नाही. ‘‘काल? काल तर ईद हुती साब.’’

‘‘होती. पण कोर्ट उघडं होतं. मी पाच वाजेपर्यंत या खुर्चीवर बसलो होतो. म्हादबाला साडेचारला तुमच्या दुकानाकडं बघायलाही सांगितलं. दुकान बंद होतं.’’ साहेबांनी पोटावर हात ठेवला, पण ते चोळलं नाही. ‘‘एजंटसाहेब, पैसे समोर आहेत. एका दिवसाचा फरक आहे. घेता?’’

‘‘तडजोड म्हणजे तडजोड, साहेब,’’ एजंट म्हणाले.

‘‘मग माझे हात बांधलेले आहेत.’’ ते रहिमतबीकडं वळले, आणि मी त्यांना पहिल्यांदाच आर्जवानं बोलताना ऐकलं. ‘‘बाई, नीट आठवा. बँकेकडच्या कुणी तुम्हाला सांगितलं का, की काल कोर्ट बंद आहे? किंवा तुमचा तसा समज झालाय हे कुणाला माहीत होतं का? असं काही असेल तर मला बघता येईल. काहीतरी कारण दाखवा.’’

रहिमतबीनं माझ्याकडं पाहिलं. फक्त एकदा. मग मान खाली घातली.

‘‘न्हाई साब. माजंच चुकलं.’’

ती माझं नाव घेणार नव्हती. मी तिच्या घरी जेवलेलो माणूस होतो. जेवून गेलेल्या माणसाला कोर्टात ओढायचं, हे तिच्या रीतीत बसत नव्हतं. त्यापायी दुकान गेलं तरी तिला चाललं असतं. मी उभा होतो तिथं मला माझीच लाज वाटली, इतकी की कान तापले.

‘‘साहेब,’’ मी म्हणालो, ‘‘मला माहीत होतं.’’

एजंटांनी माझा कोट मागून ओढला. मी बोलत राहिलो. काल तीन वाजता मी रहिमतबींकडं होतो. उद्या पैसे भरते, आज कचेरी बंद, असं त्या म्हणाल्या. मी मान डोलावली. एक शब्द बोललो असतो, तर पैसे कालच भरले गेले असते.

साहेब पुढं वाकले.

‘‘हे तुम्ही सांगताय. दाखवा.’’

मी गोंधळलो. मग आठवलं. कोट एकच, धुवायला वेळ कुठला? मी कोटाची डावी बाजू पुढं केली.

‘‘जवळ या.’’

मी गेलो. साहेबांनी चष्मा वर केला, डाग पाहिला, आणि मग, देवाशपथ सांगतो, वाकून त्याचा वास घेतला. ‘‘खजूर आहे,’’ ते हळूच म्हणाले. नंतर लिहायला लागले आणि लिहिता लिहिता मोठ्यानं वाचू लागले: ‘वादीच्या वकिलांच्या कोटावरील डाग पाहिला. तो कालच्या शिरखुर्म्याचा असल्याचे त्यांना कबूल. प्रतिवादीचा चुकीचा समज ठाऊक असून तो दूर केला नाही, हेही कबूल. वकिलाचे मौन ते बँकेचे मौन. कारण दाखवले आहे. पैसे भरून घ्यावेत.’

रहिमतबी मटकन खाली बसली आणि पदरानं तोंड झाकून हसत रडायला लागली. म्हादबा तिचं गाठोडं सोडायला धावला. एजंटांनी बाहेर आल्यावर बँकेचे सगळे कागद माझ्या हातून काढून घेतले. पुढच्या दोन महिन्यांत माझ्याकडं एकच पक्षकार आला, तोही पत्ता चुकून. तरी मला बरं वाटत होतं.

मला वाटलं, साहेब आता त्याच संध्याकाळी रस्ता ओलांडणार. दावा संपला, अडचण संपली. रहिमतबीनं एक बाटली ओल्या फडक्यात गुंडाळून ठेवलीसुद्धा. पण साहेब आले नाहीत. मी विचारलं तर म्हणाले, ‘‘अपिलाची मुदत जाऊ द्या. तीस दिवस.’’

तीस दिवस त्यांनी ओवा खाल्ला. त्याच सुमाराला त्यांच्या बदलीचा हुकूम आला, लांब कोकणात. एकतिसाव्या दिवशी सकाळी त्यांची मोटार निघायची होती. सामान टपावर चढलं होतं. मोटार चालू झाली, ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय, आणि साहेब पगडी सावरत, कॅनव्हासच्या बुटांनी रस्ता ओलांडून दुकानात आले.

‘‘साधा. गार असेल तर गार.’’

रहिमतबीनं गोटी दाबली. फट्ट! साहेबांनी बाटली दोन्ही हातांनी धरली आणि एका दमात संपवली. क्षणभर डोळे मिटून उभे राहिले. आणि मग त्यांनी जो ढेकर दिला, तो साडेतीन वर्षं अडकून राहिलेला होता. रस्त्यावरच्या टांग्याचं घोडं दचकलं. म्हादबा म्हणाला, ‘‘निकाल लागला, साहेब!’’ आणि साहेबसुद्धा हसले.

एक आणा द्यायचा म्हणून त्यांनी खिशात हात घातला. एका खिशात घड्याळ, दुसऱ्यात ओव्याची डबी. पाकीट ट्रंकेत, ट्रंक मोटारीच्या टपावर. मी पटकन आणा पुढं केला. ‘‘तुम्ही नका देऊ,’’ ते माझ्यावर खेकसले. ‘‘देणं माझं आहे.’’

‘‘साब,’’ रहिमतबी म्हणाली, ‘‘मुदत घ्या की.’’

‘‘कारण दाखवल्याशिवाय?’’

‘‘ट्रंक टपावर हाय. हितनं मला दिसती. कारन दाकवलं.’’

साहेब तिच्याकडं बघत राहिले. तिला नमस्कार केला आणि गेले. मोटार नगरकडं धूळ उडवत गेली, तेव्हा रहिमतबी दारात उभी होती आणि मी तिच्या शेजारी होतो.

पुढच्या वर्षी, बरोबर त्याच आठवड्यात, एक कार्ड आलं. रहिमतबीला वाचता येत नसे, ती माझ्याकडं घेऊन आली. बारीक सरळ अक्षर. ‘एक आणा देणे आहे. समक्ष येऊन देण्याची इच्छा आहे. कारण: रजा मिळत नाही. मुदत एक वर्ष वाढवून मिळावी.’ मी हसत हसत उत्तर लिहिलं: ‘मुदत मंजूर.’ तिनं अंगठा उठवला. दुसऱ्या वर्षी कारण होतं, मुलीचं लग्न. तिसऱ्या वर्षी, पेन्शनीत निघालो, गुडघे धरले आहेत.

‘‘एक आणा मनिऑर्डरनं पाठवला असता तर संपलं असतं की,’’ मी एकदा म्हणालो.

‘‘मंग ह्यो कागूद आला आस्ता का?’’ तिनं कार्ड पदरानं पुसून यंत्रावरच्या फळीवर, बाकीच्या कार्डांशेजारी ठेवलं.

चौथ्या वर्षी तो आठवडा आला आणि गेला. कार्ड आलं नाही. रहिमतबी पोस्टमनला रोज हटकायची. पंधरा दिवस झाले, महिना झाला. एका दुपारी ती माझ्या कचेरीत आली. हातात कोरं कार्ड होतं, पोस्टातून विकत आणलेलं.

‘‘लिवा, वकीलसाब,’’ ती म्हणाली. ‘‘साबांचा अर्ज आला न्हाई. तरीबी मुदत दिली.’’

मी लिहिलं. लेखणी थांबवून विचारलं, ‘‘किती दिवसांची?’’

तिनं खिडकीतून दिसणाऱ्या कोर्टाकडं बघितलं.

‘‘तारीक घालू नका,’’ म्हणाली.

मी तारीख घातली नाही. तिनं अंगठा उठवला, आणि मी ते कार्ड पोस्टाच्या पेटीत टाकून आलो.